गोवामुक्तीवर लिहिताय? मग या चुका टाळा

डिसेंबर जवळ आला की गोवामुक्तीवरचे लेख येऊ लागतात. संपादनाचं काम गळ्यात असल्यामुळे मला ते सगळे वाचावे लागतात. त्यात चुकाही ठरलेल्या. लेखक बदलतो, मजकूर एकाच फॉरवर्डवरून उतरवलेला असतो.

सगळ्यात जास्त छळणारी चूक म्हणजे 1961, 1967 आणि 1987 या तीन सालांचा काला. 19 डिसेंबर 1961 ला पोर्तुगीज सत्ता गेली. गोवा, दमण आणि दीव मिळून केंद्रशासित प्रदेश झाला. 16 जानेवारी 1967 ला जनमत कौल झाला. त्यात गोव्यापुढे दोनच पर्याय होते: महाराष्ट्रात विलीन व्हा, नाहीतर केंद्रशासित राहा. स्वतंत्र राज्य हा पर्याय मतपत्रिकेवर नव्हताच. ते मिळालं 30 मे 1987 ला, आणि तेव्हा दमण-दीव वेगळे झाले.

एका संस्थेच्या स्मरणिकेत छापून आलं की 1967 साली गोवेकरांनी कौल देऊन भारतात सामील व्हायचं ठरवलं. लेखक तरुण, उत्साही; मजकूर प्रकाशनाच्या आदल्या रात्री दिलेला. प्रकाशनाला पुढच्या रांगेत एक आजोबा बसले होते. त्या कौलात त्यांनी फूल या चिन्हासाठी, म्हणजे विलीनीकरणासाठी, गावोगाव प्रचार केलेला. भाषणं संपल्यावर ते उठले आणि म्हणाले, "आम्ही हरलो. पण कशात हरलो, ते तरी धड लिहा." लेखक म्हणाला, "काका, सगळीकडे असंच लिहिलंय." खरं होतं ते. सगळीकडे तसंच लिहिलेलं असतं, कारण सगळ्यांनी एकमेकांचं पाहून लिहिलेलं असतं.

त्या कौलाचे आकडे तोंडपाठ असावेत. दोन पानं या चिन्हाला, म्हणजे केंद्रशासित राहण्याला, 1,72,191 मतं. फुलाला 1,38,170. फरक 34,021 चा. "हिंदू फुलाकडे, ख्रिस्ती दोन पानांकडे" असं एका ओळीत उरकणाऱ्यांनी साधी बेरीज करावी. गोव्यात तेव्हाही हिंदू बहुसंख्य होते. सगळे एका बाजूला गेले असते तर फूल हरलंच नसतं. दैनिक 'गोमन्तक' विलीनीकरणाच्या बाजूने आणि 'राष्ट्रमत' विरुद्ध लढत होतं, आणि ही दोन्ही पत्रं मराठी होती. मराठी वाचणारा प्रत्येक माणूस महाराष्ट्रात यायला निघाला होता, हा आपल्याकडचा लाडका समज इथेच गळून पडतो.

पुढचा भाग तर बहुतेक लेखांत नसतोच. कौल नि:पक्षपाती व्हावा म्हणून दयानंद ऊर्फ भाऊ बांदोडकरांच्या सरकारने आधी राजीनामा दिला होता. विलीनीकरण हाच त्यांच्या महाराष्ट्रवादी गोमंतक पक्षाचा पाया. जानेवारीत तो पाया मतदारांनी नाकारला आणि मार्चच्या निवडणुकीत त्याच मतदारांनी त्याच पक्षाला पुन्हा सत्तेवर बसवलं. ऑगस्ट 1973 मध्ये निधन होईपर्यंत बांदोडकर मुख्यमंत्री होते. त्यांच्या कारकिर्दीतल्या गावोगावच्या प्राथमिक शाळा आणि 1964 चा कूळ कायदा लोकांनी पाहिला होता. महाराष्ट्र नको पण भाऊ हवेत, असं एकाच वर्षात म्हणणारा मतदार ज्याला कळला नाही, त्याने गोव्याच्या घडणीवर लिहायची घाई करू नये.

माझी सवय सांगतो. गोव्यावरचा मजकूर हातात आला की समासात ही तीन सालं लिहून ठेवतो आणि प्रत्येक परिच्छेद कोणत्या सालाखाली बसतो ते पाहतो. जो कुठेच बसत नाही तो बहुधा हवेतला असतो.

दुसरी चूक: "गोवा साडेचारशे वर्षं पोर्तुगीजांच्या टाचेखाली होता." कोणता गोवा? तिसवाडी 1510 ला गेली, बारदेश आणि साष्टी 1543 ला. या जुन्या काबिजादी, म्हणजे आधी जिंकलेले मुलूख. फोंडा, सत्तरी, डिचोली, पेडणे ही नवी काबिजाद अठराव्या शतकात हाती लागली. पेडणे तर 1788 ला. म्हणजे पेडण्यात पोर्तुगीज राजवट पावणेदोनशे वर्षांचीही नाही. हा फरक धरला नाही तर पुढचं काहीच उलगडत नाही. कुठ्ठाळीचा मंगेश प्रियोळला आणि केळशीची शांतादुर्गा कवळ्याला का नेली? कारण सोळाव्या शतकात फोंडा महाल पोर्तुगीजांकडे नव्हता. देव लपवायला जागा होती ती नदीपलीकडे, परक्या राज्यात. सत्तरीच्या राणे घराण्याचे उठाव नव्या काबिजादीत का पेटले, 1852 ला दीपाजी राणे का उठले, हेही तालुक्यांचा नकाशा पाहिल्याशिवाय समजत नाही. वाक्यात नुसता 'गोवा' आला की मी विचारतो, तालुका कोणता? लेखक चिडतात. चिडू देत.

आता बाकीच्या भराभर.

"छत्तीस तासांत गोवा मुक्त झाला." लष्करी कारवाई तेवढ्या वेळात झाली. त्याआधी 18 जून 1946 ची राममनोहर लोहियांची मडगावची सभा आहे, 15 ऑगस्ट 1955 ला निःशस्त्र सत्याग्रहींवर झालेला गोळीबार आहे, सशस्त्र लढणारं आझाद गोमंतक दल आहे. या दलाचे मोहन रानडे तर गोवा मुक्त झाल्यावरही पोर्तुगालच्या तुरुंगात होते. 1969 ला सुटले. छत्तीस तास लिहिणाऱ्याने ही सात वर्षं कुठे टाकायची ते सांगावं.

"ख्रिस्ती समाजाला मुक्ती नको होती." टी. बी. कुन्हा, तेलो मास्कारेन्यस, पीटर आल्वारिस, ज्यांच्या घरी लोहिया उतरले होते ते ज्युलियांव मिनेझिस, आणि गुप्त नभोवाणी केंद्र चालवणाऱ्या लिबिया लोबो. या नावांना एका वाक्यात पुसू नका.

"गोवा वसाहत नव्हती, पोर्तुगालचा प्रांतच होता." हा पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार याचा 1951 चा कागदी डाव. संयुक्त राष्ट्रांनी तो डिसेंबर 1960 मध्येच अमान्य केला. अलीकडे तरुण मुलं हे मोठ्या शोधाच्या थाटात सांगतात, तेव्हा मला हसावं की चिडावं कळत नाही.

दादरा-नगर हवेली गोव्यासोबत 1961 ला मुक्त झाली, असं लिहू नका. ती 1954 ला मुक्त झाली होती. ऑगस्ट 1961 मध्ये, म्हणजे गोव्याच्या आधी, भारतात रीतसर सामील झाली.

राजभाषा कायदा 1987 चा. कोकणी देवनागरीतून राजभाषा, आणि मराठीचा वापरही सरकारी कामासाठी मान्य. यातलं अर्धंच वाक्य उद्धृत करून दोन्हीकडचे लोक भांडतात. कायदा छोटा आहे, वाचून होतो.

पोर्तुगालने गोव्यावरचं भारताचं सार्वभौमत्व 1961 ला मान्य केलं नव्हतं. तिथली हुकूमशाही एप्रिल 1974 मध्ये कोसळली आणि त्याच वर्षी 31 डिसेंबरला ते मान्य करणारा करार झाला.

आणि 'ऑपरेशन विजय' या नावाच्या दोन मोहिमा आहेत, 1961 ची आणि कारगिलची. गोव्याच्या लेखाला बर्फातल्या जवानांचा फोटो जोडून पाठवू नका.