कांगशी बादशहावर लिहिताय? आधी या चुका टाळा

मांचू घराण्यातला कांगशी १६६१ मध्ये गादीवर बसला तेव्हा त्याला सहा वर्षं पूर्ण होऊन सातवं चालू होतं. पुढे १७२२ पर्यंत त्याने चीनवर राज्य केलं. त्याच्यावरचे मराठी लेख बरीच वर्षं माझ्याकडे तपासायला येतात. चुका मात्र त्याच त्याच.

सगळ्यात जास्त छळते ती सनावळ. ‘कांगशी’ हे त्याचं नाव नव्हेच. नाव श्वेनये. कांगशी हे त्याच्या राजवटीच्या कालगणनेचं नाव. कागदांत ‘कांगशी ८’ असं दिसलं की आपले लेखक १६६१ हे पहिलं वर्ष धरून मोजतात. शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक शक राज्याभिषेकापासूनच सुरू झाला, तीच सवय. तिकडची रीत वेगळी होती. वडील शुन्ची फेब्रुवारी १६६१ मध्ये देवीच्या साथीत गेले, तरी ते अख्खं वर्ष त्यांच्याच नावाने, ‘शुन्ची १८’ म्हणून मोजलं गेलं. ‘कांगशी १’ उजाडलं ते १६६२ च्या चिनी नववर्षाला.

एका दिवाळी अंकासाठी पंचवीस पानी लेख आला होता. कारभारी ओबोईची अटक १६६८, नैर्ऋत्येकडचा सरदार वू सान्ग्वी याचं बंड १६७२, रशियाशी नेरचिन्स्कचा तह १६८८. सगळं एकेक वर्ष मागे. वू सान्ग्वी खरा उठला डिसेंबर १६७३ मध्ये, रायगडावरच्या राज्याभिषेकाच्या जेमतेम सहा महिने आधी. लेखातली तुलना त्यावरच उभी होती, तीच ढासळली. छपाईच्या आदल्या रात्री बसून प्रत्येक सनात एक मिळवला, तरी शेवटच्या प्रुफात एक चूक सापडलीच. कांगशीच्या आजीचा मृत्यू ‘कांगशी २६, बारावा महिना’, म्हणून आम्ही १६८७ केलं होतं. बारावा महिना इंग्रजी वर्ष ओलांडतो, त्या गेल्या जानेवारी १६८८ मध्ये.

तेव्हापासून मी कांगशी वर्षात १६६१ मिळवतो आणि अकरावा-बारावा महिना दिसला की तांबड्या पेन्सिलीने गोल करून तारीख चिनी पंचांगात पाहतो. शकात ७८ मिळवताना पौष-माघाला आपण थांबतोच ना? इथेही थांबा. आंतरजालावरचं पहिलं कोष्टक उचलून मोकळं होण्याची घाई मला अजिबात मान्य नाही.

वयाचंही तसंच. चिनी हिशेबात जन्मताच एक वर्ष धरतात आणि दर नववर्षाला एक वाढवतात, म्हणून कुठे ‘आठ वर्षांचा’ असं सापडेल. दोन्ही हिशेब एका लेखात मिसळू नका.

दुसरी चूक, कांगशी लहान असताना नेमलेल्या चार कारभाऱ्यांना चीनचे बारभाई म्हणणं. शुन्चीच्या लहानपणी चुलता दोर्गोन डोईजड झाला होता, म्हणून या वेळी राजघराण्याबाहेरचे चौघे मुद्दाम नेमले: सोनिन, सुक्साहा, एबिलुन आणि ओबोई. १६६७ मध्ये सोनिन वारला, ओबोईने सुक्साहाला मृत्युदंड द्यायला लावला, एबिलुन ओबोईच्याच बाजूने राहिला. त्याच वर्षी कांगशीने रीतसर कारभार हाती घेतला खरा, पण हुकूम ओबोईचाच चाले. १६६९ मध्ये पंधरा वर्षांच्या या मुलाने कुस्तीच्या जोडीदार पोरांकरवी त्याला दरबारातच धरलं. सवाई माधवराव एकवीस वर्षांचे असताना गेले, तोवर कारभार नानांकडेच होता. दोघांना एका ओळीत बसवू नका. आणि कुस्तीची गोष्ट रंगवताना सोनिनचा मुलगा सोंगोतू आणि आजी शियाओच्वांग यांना विसरू नका. आई १६६३ मध्येच गेली, पोराला घडवलं या मंगोल आजीने.

या मांचू घराण्याचं नाव ‘छिंग’ लिहा, ‘क्विंग’ नाही.

लहानपणीच गादीवर बसलेला शेवटचा बादशहा पुयी वेगळा, तो १९०८ चा.

१६९३ मध्ये जेझुइटांनी (ख्रिस्ती मिशनऱ्यांनी) दिलेल्या सिंकोनाच्या सालीने कांगशीचा हिवताप उतरला, म्हणून तो ख्रिस्ती व्हायच्या बेतात होता असं लिहू नका. त्याला त्यांचं गणित, खगोल आणि भाषा हव्या होत्या. नेरचिन्स्कला दुभाषे म्हणून जेझुइटच होते, आणि तहाची अधिकृत प्रत लॅटिनमध्ये आहे.