कोरड्या मुलखातलं भूजल: या चुका टाळा

समुद्रापासून दूरच्या कोरड्या प्रदेशात नद्या वर्षातले कित्येक महिने आटलेल्या असतात. माणसं, जनावरं, शेती तग धरतात ती जमिनीखालच्या पाण्यावर. तो साठा डोळ्यांना दिसत नाही, त्यामुळे चूक कळायला उशीर होतो.

सगळ्यांत महागात पडते ती घाई म्हणजे पाणी कमी झालं की बोअर आणखी खोल नेणं. आधी पातळी मोजा. पंप चालू असताना घेतलेला आकडा फसवा असतो. पंप बंद ठेवून पातळी स्थिरावू द्या, शेजारचा पंपही बंद असला तर उत्तम. पातळी जागेवर आहे आणि पाणी मात्र कमी येतंय, तर साठ्याला दोष देऊ नका. पंप झिजला असेल किंवा बोअरमधली जाळी क्षारांनी बुजली असेल. पण दरवर्षी पावसानंतरही पातळी पूर्वीच्या जागी येत नसेल, तर उपसा पुनर्भरणापेक्षा, म्हणजे जमिनीत मुरून साठ्यात परत येणाऱ्या पाण्यापेक्षा, जास्त आहे. मग खोल जाऊन काय मिळणार? बहुधा त्याच साठ्याचा तळ, नाहीतर हजारो वर्षांपूर्वी मुरलेलं पाणी. लीबिया, इजिप्त, चाड आणि सुदान यांच्याखालच्या न्यूबियन वालुकाश्मातलं पाणी तसंच आहे. ते आजच्या पावसाने भरून येत नाही. खोलवरच्या पाण्यात फ्लोराइड किंवा आर्सेनिकही असू शकतं, म्हणून तपासणीशिवाय पिऊ नका.

बेसुमार उपशाने मातीचे थर दबतात आणि पाणी धरणारी जागाच कायमची जाते. कॅलिफोर्नियातल्या सॅन वॉकीन खोऱ्यात 1925 ते 1977 या काळात जमीन एका ठिकाणी जवळपास 9 मीटर खचली.

पाणी आपोआप उसळून वर येतं तिथे ते वाहू देणं ही आणखी एक चूक. ऑस्ट्रेलियाच्या ग्रेट आर्टेशियन बेसिन या विशाल भूजलसाठ्यात 1878 पासून बोअर घेतले गेले आणि पाणी उघड्या चरांतून मैलोगणती सोडलं गेलं. त्यातलं 90 टक्क्यांहून जास्त पाणी बाष्पीभवनात आणि पाझरण्यात गेलं. दाब घटला, अनेक बोअर वाहायचे थांबले, झरे आटले. पुढे बोअरच्या तोंडावर झडपा बसवल्या, चरांऐवजी पाइप टाकले, तेव्हा काही भागांत दाब पुन्हा वाढला.

पुनर्भरण करतानाही गढूळ पाणी थेट बोअरमध्ये सोडू नका. गाळाने खडकातल्या भेगा बुजतात, शिवाय वरची घाण सरळ साठ्यात पोचते. ते आधी वाळू-खडीच्या गाळणीतून जाऊ द्या.