हवा प्रदूषणाच्या कायद्याविषयी लिहिताना आणि तक्रार करताना या चुका टाळा

हवा प्रदूषणाच्या कायद्यावरचे विद्यार्थ्यांचे निबंध आणि रहिवाशांच्या तक्रारींचे मसुदे गेली अनेक वर्षे माझ्याकडे तपासायला येतात. त्यांतल्या चुका दरवर्षी त्याच असतात, आणि बहुतेकींचे मूळही एकच असते: कायद्याची मूळ प्रत न उघडता कोणाच्या तरी टिपणांवरून लिहिणे. अधिनियम अवघ्या काही पानांचा आहे आणि एका संध्याकाळी तो वाचून होतो. तेवढाही धीर ज्याला नाही, त्याने या विषयाला हात घालू नये, असे माझे स्पष्ट मत आहे.

सर्वांत अधिक वेळा आढळणारी चूक इतिहासाची आहे. ‘भोपाळ दुर्घटनेनंतर भारताने हवा प्रदूषणाचा कायदा केला’ हे वाक्य मी इतक्या वेळा खोडले आहे की आता निबंध उघडताना आधी तेच शोधतो. भोपाळची वायुगळती डिसेंबर १९८४ मधली आहे. हवा (प्रदूषण प्रतिबंध व नियंत्रण) अधिनियम १९८१ चा असून तो त्या वर्षी १६ मे रोजी अमलात आला, म्हणजे दुर्घटना घडली तेव्हा त्याला साडेतीन वर्षे झाली होती. भोपाळनंतर आला तो पर्यावरण (संरक्षण) अधिनियम, १९८६. हा फरक केवळ सनावळीचा नाही. कायदा आधीच होता हे कळले म्हणजे पुढचा, अधिक महत्त्वाचा प्रश्न विचारता येतो, की तो असूनही हे का घडले. त्याच्या उत्तराचा एक भाग कायद्याच्या रचनेत सापडतो. मूळ अधिनियमाची सारी मांडणी चिमणीतून नित्य बाहेर पडणारा धूर, त्याची मानके आणि कारखान्याला द्यायचे संमतीपत्र यांभोवती होती. घातक रसायनांचा साठा कसा राखावा हा त्याचा विषयच नव्हता. कारखाना बंद करण्याचा किंवा त्याची वीज व पाणी तोडण्याचा आदेश थेट देण्याचा अधिकार प्रदूषण नियंत्रण मंडळांना मिळाला तो १९८७ च्या दुरुस्तीने घातलेल्या कलम ३१अ मुळे. ‘हवा प्रदूषक’ या संज्ञेत ध्वनीचा समावेशही त्याच दुरुस्तीने झाला.

१९८१ च्या कायद्याचे मूळ जून १९७२ मध्ये स्टॉकहोम येथे झालेल्या संयुक्त राष्ट्रांच्या पर्यावरण परिषदेत आहे, आणि हे शोधून काढावे लागत नाही, कारण अधिनियमाच्या उद्देशिकेतच तसे लिहिलेले आहे. पाणी हा राज्यांचा विषय असल्याने १९७४ चा जलप्रदूषणाचा कायदा राज्यांचे ठराव घेऊन, संविधानाच्या अनुच्छेद २५२ खाली करावा लागला. हवेचा कायदा मात्र आंतरराष्ट्रीय परिषदेतील निर्णयांच्या अंमलबजावणीसाठी अनुच्छेद २५३ खाली झाला. त्यासाठी वेगळी मंडळे न नेमता १९७४ च्या कायद्याने आलेल्या मंडळांवरच हे काम सोपवले गेले. याहून मागे जायचे असेल तर धुराच्या उपद्रवाविषयीचे बंगालचा १९०५ चा आणि मुंबईचा १९१२ चा असे दोन कायदे आहेत, आणि मराठी निबंधांत मुंबईच्या कायद्याचा साधा उल्लेखही नसावा याचे मला दरवेळी वाईट वाटते. माझी स्वतःची सवय अशी आहे की लिहायला बसण्यापूर्वी मी वहीत प्रत्येक कायद्यासाठी तीन तारखा उतरवतो: तो संमत कधी झाला, अमलात कधी आला आणि त्यात दुरुस्ती कधी झाली.

परिणामांविषयी लिहिताना होणारी चूक याच जातीची आहे. दिल्लीच्या बसगाड्या सीएनजीवर आल्या याचे श्रेय १९८१ च्या कायद्याला देऊ नये. तो बदल सर्वोच्च न्यायालयाने पर्यावरणाचे खटले लढवणारे वकील एम. सी. मेहता यांच्या जनहित याचिकेवर २८ जुलै १९९८ रोजी दिलेल्या आदेशाचा परिणाम होता. वाहनांच्या धुराची मानके मोटार वाहन कायद्याखालील नियमांतून येतात, आणि हवा अधिनियमाचे कलम २० राज्य शासनाला वाहन नोंदणी करणाऱ्या प्राधिकरणाला सूचना देण्यापुरताच अधिकार देते. आकड्यांची तुलनाही जपून करावी. राष्ट्रीय पातळीवरचे हवेचे मोजमाप १९८४-८५ मध्ये आग्रा आणि अनपरा येथील सात केंद्रांपासून सुरू झाले आणि पीएम २.५ चे, म्हणजे हवेतल्या अतिसूक्ष्म धूलिकणांचे, राष्ट्रीय मानक २००९ मध्ये आले. ‘कायद्यापूर्वी’ आणि ‘कायद्यानंतर’ असे दोन स्तंभ आखून आलेख काढणाऱ्याला मी पहिल्या स्तंभातला आकडा कोठून आणला ते विचारतो, आणि त्याचे उत्तर मला अजून मिळालेले नाही.

हवा गुणवत्ता निर्देशांक म्हणजे मानक नव्हे; पीएम २.५ चे चोवीस तासांचे मानक प्रति घनमीटर ६० मायक्रोग्रॅम आहे आणि त्या पातळीला त्याचा निर्देशांक १०० येतो. २०१९ चा राष्ट्रीय स्वच्छ हवा कार्यक्रम हा नावाप्रमाणेच कार्यक्रम आहे, त्याला कायदा म्हणू नये.

आता तक्रारींविषयी. काही वर्षांपूर्वी औद्योगिक वसाहतीला लागून असलेल्या एका सोसायटीचे रहिवासी माझ्याकडे आले, तेव्हा वाळत घातलेल्या कपड्यांवर रोज काजळी बसत होती आणि घरातल्या वृद्धांचा खोकला थांबत नव्हता. त्यांच्यातल्या एका तरुणाने हातात धरायच्या यंत्रावर महिनाभर नोंदी घेतल्या होत्या, छायाचित्रे जोडली होती आणि कोणाला न विचारता थेट न्यायदंडाधिकाऱ्यांकडे फिर्याद दाखल केली होती. तळमळ खरी होती, कष्टही खरे होते, पण फिर्याद पहिल्याच टप्प्यावर परत आली. नागरिकाला स्वतः फिर्याद करायची असेल, तर आरोपित गुन्ह्याची आणि आपल्या इराद्याची किमान साठ दिवसांची नोटीस आधी मंडळाला द्यावी लागते, असे कलम ४३ सांगते. ती त्याने दिलेली नव्हती. त्याच्या नोंदींचाही उपयोग झाला नसता. कलम २६ प्रमाणे उत्सर्जनाचा नमुना अधिकार असलेल्या व्यक्तीने, कारखान्याच्या भोगवटादाराला जागेवर नोटीस देऊन, त्याच्या किंवा त्याच्या प्रतिनिधीच्या समक्ष घ्यावा लागतो, तो सीलबंद करून त्यावर दोघांच्या सह्या घ्याव्या लागतात, आणि ही रीत पाळली नसेल तर त्याचे पृथक्करण पुराव्यात ग्राह्य धरले जात नाही. साठ दिवस वाचवायला गेलेल्या त्या लोकांचा सबंध हिवाळा वाया गेला.

दुसऱ्या खेपेस आम्ही एका पानाची नोटीस लिहिली आणि पोचपावतीसह पाठवली. काजळी कोणत्या वेळेला पडते, वारा कोणत्या दिशेचा असतो, कोणत्या चिमणीतून काळा धूर निघतो आणि त्यासाठी कायद्यात कोणती शिक्षा आहे, एवढेच त्यात होते. विशेषणे मी सगळी काढून टाकली. यंत्रावरच्या नोंदी फेकून न देता तपासणी कोणत्या वेळी करावी हे सुचवण्यासाठी जोडल्या, कारण तेवढ्यापुरते त्यांचे मोल निश्चितच आहे. फिर्याद करणाऱ्या नागरिकाने मागितल्यास मंडळाने आपल्याकडचे संबंधित अहवाल त्याला द्यावेत, असेही कलम ४३ सांगते, हे त्या तरुणाला मी तेव्हा दाखवले. साठ दिवस संपण्याआधीच अधिकारी नमुना घ्यायला आले.

त्या नोटिशीचा जुना मसुदा आजही माझ्याकडे मागितला जातो, पण तो जसाच्या तसा वापरू नये. त्यात कलम ३७ खालची दीड ते सहा वर्षांची कैद लिहिलेली आहे. जन विश्वास (तरतुदींची सुधारणा) अधिनियम, २०२३ ने ती काढून, १ एप्रिल २०२४ पासून, तिच्या जागी दहा हजार ते पंधरा लाख रुपयांची शास्ती आणली, आणि ती आता न्यायनिर्णय अधिकारी ठरवतो.