आयरिश रग्बीपटूची कारकीर्द वाचावी कशी

काही वर्षांपूर्वी शारीरिक शिक्षणाच्या एका विद्यार्थ्याने परदेशी खेळाडूच्या अभ्यासप्रकल्पासाठी आयर्लंडच्या ब्रायन ओड्रिस्कॉलची निवड केली आणि वहीच्या पहिल्याच पानावर ‘एकूण सामने 133’ असे लिहून आणले. आकडा खरा होता, पण त्यापुढचा ‘एकूण’ हा शब्द चुकीचा होता. 133 हे फक्त आयर्लंडच्या राष्ट्रीय संघाकडून खेळलेले कसोटी सामने होते. ब्रिटिश अँड आयरिश लायन्स या संयुक्त दौरासंघाकडून तो आणखी आठ कसोटी सामने खेळला होता, आणि 1999 ते 2014 अशी पंधरा वर्षे ज्या लेन्स्टर संघाकडून तो आठवड्यामागून आठवडे मैदानात उतरत होता, त्या संघाचे नावही वहीत नव्हते. जळगाव, धुळे, नंदुरबारकडच्या मुलांना कुस्ती आणि कबड्डीतली कारकीर्द सहज वाचता येते, कारण तालीम कोणती, वस्ताद कोण, जत्रेतली कुस्ती कोणती आणि मॅटवरची कोणती, हे त्यांना सांगावे लागत नाही. रग्बीच्या बाबतीत ही पार्श्वभूमी हाताशी नसते. ती कशी मिळवावी आणि कोणत्या क्रमाने मांडावी, हे पुढे सांगितले आहे.

प्रारंभ राष्ट्रीय संघापासून करू नये. प्रथम प्रांत शोधावा. आयर्लंडमध्ये व्यावसायिक रग्बीचे चारच संघ आहेत: डब्लिनचा लेन्स्टर, लिमरिक आणि कॉर्कचा मन्स्टर, बेलफास्टचा अल्स्टर आणि गॉलवेचा कोनॅक्ट. यांपैकी बेलफास्ट हे शहर युनायटेड किंग्डममध्ये येते आणि उरलेली आयर्लंड प्रजासत्ताकात, तरीही रग्बीत संपूर्ण बेटाचा राष्ट्रीय संघ एकच असतो. याचे कारण असे, की आयरिश रग्बी फुटबॉल युनियन 1879 मध्ये स्थापन झाली, बेटाची फाळणी 1921 मध्ये झाली, आणि युनियनने स्वतःची फाळणी होऊ दिली नाही. आपल्याकडे 1906 मध्ये खान्देश जिल्ह्याचे पूर्व आणि पश्चिम असे दोन भाग झाले, 1998 मध्ये धुळ्यातून नंदुरबार वेगळा झाला, तरी माणूस परगावी गेला की ‘मी खान्देशातला’ असेच सांगतो. त्यामुळे ही गोष्ट आपल्या वाचकाला लवकर उमजावी. वहीत मात्र ‘देश’ आणि ‘संघ’ असे दोन स्वतंत्र रकाने ठेवावेत, म्हणजे अल्स्टरच्या खेळाडूपाशी घोटाळा होणार नाही.

प्रांताला एवढे महत्त्व देण्यामागे आर्थिक व्यवस्था आहे. 26 ऑगस्ट 1995 रोजी रग्बी युनियन (पंधरा जणांच्या रग्बीचे हे नाव; वरच्या संस्थेशी याची गल्लत करू नये) हा खेळ अधिकृतपणे व्यावसायिक झाला. इंग्लंड आणि फ्रान्समध्ये क्लब धनिकांच्या हाती गेले, पण आयर्लंडमध्ये प्रांतिक संघ युनियनच्याच छत्राखाली राहिले. मोजक्या आघाडीच्या खेळाडूंशी युनियन स्वतः केंद्रीय करार करते आणि बाकीच्यांचे करार प्रांतांशी होतात. जो पगार देतो तोच खेळाडूने किती सामने खेळावेत हे ठरवतो, हे यातले मर्म आहे. गिरणेच्या पाटाला पाणी जसे आवर्तनाने सुटते, कधी सोडायचे आणि कधी बंद ठेवायचे हे शेतकरी एकटा ठरवत नाही, तसे या खेळाडूचे मैदानावरचे मिनिट युनियन आणि प्रांत मिळून वाटतात. म्हणूनच एखादा नामांकित खेळाडू लीगच्या साध्या सामन्यात दिसला नाही, तर तो संघाबाहेर गेला असे लिहिण्याची घाई करू नये. बहुधा त्याला पुढच्या मोठ्या सामन्यासाठी राखून ठेवलेले असते.

वर्षाचे वेळापत्रक एकदा नीट समजून घ्यावे. हंगाम सप्टेंबरच्या सुमारास सुरू होऊन जूनपर्यंत चालतो. प्रांतिक संघ युनायटेड रग्बी चॅम्पियनशिप या लीगमध्ये खेळतात. तिच्या सोळा संघांत आयर्लंड, वेल्स आणि दक्षिण आफ्रिकेचे प्रत्येकी चार, तर स्कॉटलंड आणि इटलीचे प्रत्येकी दोन संघ आहेत. त्याच काळात युरोपीय चॅम्पियन्स चषकाचे सामने चालतात. राष्ट्रीय संघ साधारणपणे नोव्हेंबरमध्ये घरच्या मैदानावर, फेब्रुवारी-मार्चमध्ये सिक्स नेशन्स या युरोपातील सहा देशांच्या स्पर्धेत आणि उन्हाळी दौऱ्यावर खेळतो. चार वर्षांनी एकदा लायन्सचा दौरा आणि चार वर्षांनी एकदा विश्वचषक येतो. सामने पाहायचे असतील तर हिवाळ्यात डब्लिनच्या वेळेत साडेपाच तास मिळवावेत आणि उन्हाळ्यात साडेचार. तिकडे दुपारी सव्वादोनला सुरू होणारा सिक्स नेशन्सचा सामना आपल्याकडे संध्याकाळी पावणेआठला लागतो; रात्री आठचा सामना मात्र आपल्या मध्यरात्रीनंतर दीडला सुरू होतो.

पुढे खेळाडूचे शिक्षण पाहावे. डब्लिन परिसरातील शुल्क घेणाऱ्या काही शाळांत रग्बी हा जवळजवळ कुळाचार आहे. ओड्रिस्कॉल ब्लॅकरॉक कॉलेजचा, तर आयर्लंडचाच खेळाडू जॉनी सेक्स्टन सेंट मेरीज कॉलेजचा विद्यार्थी होता, आणि येथे ‘कॉलेज’ म्हणजे माध्यमिक शाळा, हे विसरू नये. शाळेतून निवडलेला मुलगा प्रांताच्या अकादमीत जातो. तेथे साधारण तीन वर्षे व्यायाम, आहार, तंत्र आणि त्याबरोबरच पुढील शिक्षण चालते. वीस वर्षांखालील राष्ट्रीय संघ हा याच टप्प्यावरचा मुक्काम होय. हा राजमार्ग असला तरी एकमेव मार्ग नाही. टाइग फर्लाँग वेक्सफर्ड परगण्यातील शेतकरी कुटुंबातून आला, न्यू रॉस या लहान गावच्या क्लबात खेळला आणि पुढे लायन्सच्या तीन दौऱ्यांवर गेला. आपल्या तालुक्यातील वाचकासाठी ही नोंद शाळेच्या नावापेक्षा अधिक बोलकी आहे असे मला वाटते.

नावाचा विषय निघालाच आहे, तर एक सूचना येथेच द्यावी. आयरिश नावांचे स्पेलिंग पाहून उच्चार लिहू नये. ‘टाइग’ (Tadhg) हे नाव लिहिताना त्यात जी अक्षरे येतात ती पाहिली, तर आपण ‘टाढग’ असे काहीतरी लिहून बसू. सामन्याचे समालोचन एकदा ऐकावे आणि कानाला जे पडेल ते देवनागरीत उतरवावे. घरात अहिराणी आणि शाळेत पुस्तकी मराठी बोलत वाढलेल्या मुलाला कानावर विश्वास कसा ठेवायचा हे शिकवावे लागत नाही.

यानंतर पाठीवरचा क्रमांक. रग्बीत क्रमांक हा खेळाडूचा नसून जागेचा असतो. एक आणि तीन हे प्रॉप, दोन हुकर, चार-पाच लॉक, सहा-सात फ्लँकर आणि आठ नंबर एट, असे आठ जण स्क्रममध्ये, म्हणजे चेंडूसाठी दोन्ही संघांच्या एकमेकांत अडकलेल्या रेटारेटीत, भिडतात. नऊ स्क्रमहाफ, दहा फ्लायहाफ, बारा-तेरा सेंटर, अकरा आणि चौदा विंग, पंधरा फुलबॅक. सोळा ते तेवीस हे राखीव. क्रमांक समजल्यावाचून कारकिर्दीचे आकडे तोलता येत नाहीत. फ्लायहाफ बहुधा पेनल्टी (प्रतिस्पर्ध्याच्या नियमभंगानंतरची किक) आणि कन्व्हर्जन (ट्रायनंतरची जादा गुणांची किक) मारतो, म्हणून सेक्स्टनच्या नावावर आयर्लंडसाठी 1108 आणि त्याच्या आधीच्या रोनन ओगाराच्या नावावर 1083 गुण आहेत. प्रॉपच्या नावावर दोन-चार ट्राय (प्रतिस्पर्ध्याच्या गोलरेषेपलीकडे चेंडू टेकवून मिळवलेले गुण) असतील तर ते पुष्कळ झाले. प्रॉपचे मोल स्क्रमच्या त्या काही सेकंदांत असते, जेथे मान, खांदा आणि कंबर यांवर समोरच्या तिघांचा आणि त्यांच्यामागच्या पाच जणांचा भार येतो. आखाड्यात मान घोटलेल्या पैलवानाला हे अधिक सांगायला नको. प्रॉप क्वचितच पूर्ण ऐंशी मिनिटे खेळतो. त्यामुळे ‘पहिल्या पंधरात’ आणि ‘राखीव म्हणून’ असे दोन आकडे वेगळे लिहावेत. ओड्रिस्कॉलचा 133 सामन्यांचा आयरिश विक्रम 2024 मध्ये किअन हीलीने मोडला. हीली प्रॉप होता आणि कारकिर्दीच्या उत्तरार्धात तो अनेकदा राखीव फळीतून मैदानात आला. दोन्ही विक्रम आपापल्या जागी थोर आहेत, पण ते एका तराजूत घालता येत नाहीत.

आता करार आणि स्थलांतर, जो मला या सगळ्या अभ्यासाचा सर्वांत रसाळ भाग वाटतो. परदेशी क्लबात जाणाऱ्या खेळाडूचा राष्ट्रीय संघासाठी सहसा विचार होत नाही, अशी आयर्लंडची रीत आहे. सायमन झेबो 2018 मध्ये पॅरिसच्या रेसिंग 92 मध्ये गेला आणि तेथे असेपर्यंत त्याला हिरवी जर्सी मिळाली नाही. त्याच क्लबात सेक्स्टन 2013 ते 2015 खेळला, तरी त्याची निवड होत राहिली, कारण त्याच्या तोडीचा दुसरा फ्लायहाफ तेव्हा आयर्लंडकडे नव्हता. नियमापेक्षा गरज मोठी ठरली, एवढेच अनुमान येथे काढावे.

याहून शिकण्यासारखी कारकीर्द टाइग बर्नची आहे. हा लॉक लेन्स्टरच्या अकादमीतून वर आला, पण तेथे त्याला जागा मिळाली नाही. 2016 मध्ये तो वेल्समधील स्कार्लेट्स संघात गेला, पुढच्याच वर्षी त्या संघाने लीग जिंकली, मग मन्स्टरने त्याला करारबद्ध केले आणि 2018 च्या जूनमध्ये, म्हणजे परतीचा करार होऊन गेल्यावर, ऑस्ट्रेलिया दौऱ्यात त्याने आयर्लंडकडून पहिला सामना खेळला. 2025 च्या लायन्स दौऱ्यात तो तीनही कसोटींत पहिल्या पंधरात होता. वहीत केवळ ‘पदार्पण 2018’ असे लिहिले तर ही सारी धडपड दिसेनाशी होते. म्हणून प्रत्येक संघबदलापुढे ‘का’ असा एक बारीक रकाना ठेवावा आणि उत्तर सापडले नाही तर तो कोरा सोडावा, अंदाजाने भरू नये.

उलट दिशेचे स्थलांतरही असते. न्यूझीलंडमध्ये जन्मलेला बंडी आकी 2014 मध्ये कोनॅक्टला आला आणि तीन वर्षांच्या वास्तव्यानंतर नोव्हेंबर 2017 मध्ये आयर्लंडकडून खेळला. वास्तव्याची ही अट नंतर पाच वर्षांची करण्यात आली. त्यामुळे जन्मस्थान पाहून ‘हा आयरिश कसा?’ असे विचारण्यापूर्वी तारखा पडताळाव्यात.

कारकिर्दीला वळण देणारा सामना ओळखणे हे खरे कसब आहे, आणि तो प्रत्येक वेळी पदार्पणाचा किंवा विजेतेपदाचा असेल असे नाही. 2 मे 2009 रोजी डब्लिनच्या क्रोक पार्कवर ब्याऐंशी हजारांहून अधिक प्रेक्षकांसमोर लेन्स्टर आणि मन्स्टर यांच्यात युरोपीय चषकाचा उपान्त्य सामना झाला. लेन्स्टरचा फ्लायहाफ फेलिपे कॉन्टेपोमी जायबंदी झाला आणि राखीव फळीतला तेवीस वर्षांचा सेक्स्टन मैदानात आला. समोर ओगारा होता, ज्याने सहाच आठवड्यांपूर्वी कार्डिफला ड्रॉप गोल (चेंडू जमिनीवर टाकून उसळताच मारलेली किक) मारून आयर्लंडला 1948 नंतरचा पहिला ग्रँड स्लॅम, म्हणजे स्पर्धेतले सर्व सामने जिंकण्याचा मान, मिळवून दिला होता. लेन्स्टर जिंकले, त्यानंतर चषकही जिंकले, आणि नोव्हेंबरमध्ये फिजीविरुद्ध सेक्स्टनचे राष्ट्रीय पदार्पण झाले. पुढे हेच दोघे रेसिंगमध्ये खेळाडू आणि साहाय्यक प्रशिक्षक म्हणून एकत्र आले. सेक्स्टनच्या वहीत 2 मे ही तारीख पदार्पणाच्या तारखेच्या वर लिहावी, असे मी विद्यार्थ्यांना सांगतो.

सामन्यांच्या यादीत जेथे खंड दिसेल तेथे थांबावे. तो बहुतेक वेळा दुखापतीचा असतो. अल्स्टरचा स्टीफन फेरिस घोट्याच्या दुखापतीने 2014 मध्ये निवृत्त झाला, त्याच संघाचा जॅरेड पेन डोक्याच्या दुखापतीमुळे 2018 मध्ये. डोक्याला मार लागल्याची शंका आली तर खेळाडूला तपासणीसाठी मैदानाबाहेर न्यावेच लागते, आणि अशा नोंदी वहीत लाल शाईने कराव्यात. कारकीर्द अशी अवचित संपू शकते हे तिकडच्या व्यवस्थेने गृहीत धरले आहे: रग्बी प्लेअर्स आयर्लंड ही खेळाडूंची संघटना खेळत असतानाच पुढील शिक्षण आणि नोकरीची तयारी करून घेते, तर आयर्लंडच्या करकायद्यानुसार निवृत्त होणाऱ्या खेळाडूला दहा वर्षांपर्यंतच्या क्रीडा-उत्पन्नाच्या 40 टक्के रकमेवर वजावट मिळू शकते. निवृत्तीनंतर कोणी प्रशिक्षक होतो, कोणी दूरचित्रवाणीवर जातो. ओगाराने फ्रान्समधील ला रोशेलला 2022 आणि 2023 मध्ये युरोपीय चषक जिंकून दिला, आणि दोन्ही अंतिम सामन्यांत हरलेला संघ लेन्स्टर होता.

शेवटच्या रकान्यात एक नव्हे, दोन तारखा लिहाव्यात: शेवटच्या सामन्याची आणि निवृत्ती जाहीर केल्याची. पॉल ओकॉनेल ऑक्टोबर 2015 मध्ये विश्वचषकात फ्रान्सविरुद्ध मांडीचा स्नायू फाटून बाहेर गेला, तुलाँ या फ्रेंच क्लबशी झालेला करार असूनही तेथे एकही सामना खेळू शकला नाही आणि फेब्रुवारी 2016 मध्ये निवृत्त झाला. जेमी हीस्लिपचे तर त्याहून विचित्र. मार्च 2017 मध्ये इंग्लंडविरुद्धच्या सामन्याआधी, सराव चालू असतानाच, त्याची पाठ दुखावली. त्याच्या जागी ऐनवेळी पीटर ओमाहनीला उतरवण्यात आले, तो सामनावीर ठरला आणि त्याच उन्हाळ्यात न्यूझीलंडमध्ये पहिल्या कसोटीत लायन्सचा कर्णधार झाला. हीस्लिप पुन्हा कधी खेळला नाही. त्याची निवृत्ती जाहीर झाली ती फेब्रुवारी 2018 मध्ये. त्याच्या वहीतल्या दोन तारखांमध्ये वर्षभराचे अंतर पडते, आणि त्या अंतरासमोर मी ओमाहनीचे नाव लिहून ठेवले आहे.