खगोलशास्त्राची पुस्तकं: कुठून सुरू करायची अन् कोणती बाजूला ठेवायची

अकरावी-बारावीतले पोट्टे मला नेहमी विचारतात, "सर, ब्लॅक होलवर एखादं चांगलं पुस्तक सांगा ना." मी म्हणतो ब्लॅक होल कुठं पळून नाही जात बाप्पा, आधी सूर्यमाला वाच, मग रेडिओ खगोलशास्त्र (आभाळातून येणाऱ्या रेडिओ लहरींचा अभ्यास), अन् दीर्घिका, म्हणजे आपल्या आकाशगंगेसारखे ताऱ्यांचे प्रचंड समूह, सगळ्यात शेवटी. हा क्रम कुठल्या सिलॅबसमध्ये नाहीये, माझा मीच लावलेला आहे, मेहकरकडच्या खेड्यातून मराठी मीडियम, मग बी.एस्सी., अमरावतीला फिजिक्सची एम.एस्सी. अन् आता ज्युनिअर कॉलेजात शिकवणं, या सगळ्यात जे हाती लागलं ते वाचत गेलो त्यातून बनलेला.

पुस्तक चांगलं की वाईट हे मी एकाच गोष्टीवरून ठरवतो. आकडा दिलाय तिथे तो आकडा कसा कळला ते दिलंय का? नुसतंच "सूर्य 15 कोटी किलोमीटरवर आहे, गुरू सगळ्यात मोठा, शनीला एवढे चंद्र" असं असेल तर ते स्पर्धा परीक्षेचं पुस्तक, त्याला चकचकीत कागद असला तरी. शनीच्या चंद्रांचंच घ्या, मार्च 2025 मध्ये एकदम 128 नवे मान्य झाले अन् आकडा 274 वर गेला, म्हणजे त्याआधी छापलेलं प्रत्येक पुस्तक तिथे जुनं झालं. पण म्हणून फेकू नका. वाचनालयात प्लूटोला नववा ग्रह म्हणणारं पुस्तक सापडलं तर समजायचं 2006 च्या आधीचं आहे, तेवढं पान सोडायचं अन् बाकीचं वाचायचं, ग्रहांच्या फिरण्याचे केप्लरचे नियम काही जुने होत नाहीत.

तालुक्याच्या वाचनालयात जाल तर आणखी एक सांगतो, खगोल अन् भविष्य एकाच रॅकला असतात बहुतेक ठिकाणी. पुस्तकांवर नंबर टाकलेले असतील तर 520 पासून पुढे बघा, 523 ला ग्रह-तारे-दीर्घिका अन् 522 ला दुर्बिणी येतात. नंबर नसतील तर ग्रंथपालाशी चहा प्या, तेवढ्यात काम होतं.

सूर्यमाला आधी का, तर तिथे आपण स्वतः पडताळून बघू शकतो. केप्लरचा तिसरा नियम घ्या, ग्रहाचं सूर्यापासूनचं अंतर पृथ्वीच्या किती पट ते काढायचं, त्याचा घन, अन् त्याच्या वर्षाचा वर्ग, दोन्ही सारखे यायला पाहिजेत. गुरू 5.2 पट दूर, वर्ष 11.86, करून बघा कॅल्क्युलेटरवर, दोन्हीकडे 140 च्या थोडं वर येतं. शनीचं वर्ष साधारण साडेएकोणतीस वर्षांचं, त्याला बारा राशींनी भागलं की अडीच वर्षं, अन् तीन राशी म्हणजे साडेसात, आमच्या आजीला साडेसाती माहीत होती पण त्यात केप्लर लपलाय हे कोणी सांगितलं नव्हतं. (साडेसातीने काय होतं ते मला विचारू नका, मी फक्त भागाकार सांगतोय.)

अन् लोणार! आपल्या बुलडाणा जिल्ह्यात पावणेदोन किलोमीटर रुंदीचं उल्कापाताचं विवर आहे अन् पोरं नासाचे व्हिडिओ बघतात. तो ज्वालामुखी नाही हे कशावरून ठरलं, तर तळाशी ड्रिल करून काढलेल्या खडकात मास्केलिनाइट सापडलं, प्रचंड धक्क्यानेच बनणारी काच आहे ती. त्याचं वय मात्र काही पुस्तकांत 50 हजार वर्षं दिलंय अन् 2011 च्या आर्गॉनवाल्या संशोधनात साधारण 5 लाख 70 हजार. इतका फरक का, तर मोजायची पद्धत वेगळी. दोन पुस्तकांत दोन आकडे दिसले की वैतागू नका, तिथंच खरा अभ्यास सुरू होतो. 2 एप्रिल 2022 च्या संध्याकाळी आभाळातून जळत काहीतरी गेलं तेव्हा सगळीकडे उल्का उल्का झालं होतं, मग चंद्रपूर जिल्ह्यात सिंदेवाहीजवळ लाडबोरीत धातूचं कडं सापडलं अन् ते रॉकेटचं निघालं. उल्का एवढा वेळ रांगत जात नाही, वेग किती असतो हे ज्याने वाचलेलं होतं त्याला बघतानाच शंका यायला पाहिजे होती.

आता रेडिओ. हा भाग लोक सोडून देतात कारण फोटो सुंदर नसतात. मला विचाराल तर आपल्याकडच्या पोरांसाठी हाच दरवाजा आहे. जूनपासून सप्टेंबरपर्यंत आभाळ झाकलेलं, दुर्बीण घेऊन बसलं तरी काय दिसणार, या लांब रेडिओ लहरींना मात्र ढगांचं काही नसतं अन् दिवसाही काम चालतं. शिवाय या प्रकारातली जगातली एक मोठी दुर्बीण आपल्याच राज्यात आहे, जुन्नर तालुक्यात नारायणगावजवळ खोडदला, जीएमआरटी, प्रत्येकी 45 मीटर व्यासाच्या 30 अँटेना, चौदा मध्यभागी जवळजवळ अन् बाकीच्या सोळा तीन फाट्यांवर दूर पसरलेल्या. गोविंद स्वरूप यांनी आधी उटीला 530 मीटर लांबीची दुर्बीण उभी केली, ती 1970 मध्ये सुरू झाली, अन् नंतर ही.

रेडिओवरचं पुस्तक घेतलं की त्यात जान्स्कीची गोष्ट नीट सांगितलीय का ते बघा. 1930 च्या दशकाच्या सुरुवातीला हा इंजिनिअर बेल कंपनीसाठी रेडिओ-टेलिफोनमधली खरखर कुठून येते ते शोधत होता, वादळांची खरखर वेगळी काढली तरी एक बारीक आवाज उरायचा अन् तो रोज ठरल्या वेळी वाढायचा, पण 24 तासांनी नाही, 23 तास 56 मिनिटांनी. बस, त्या चार मिनिटांत सगळं आलं. सूर्यामुळे असतं तर 24 तास आले असते, तारे रोज चार मिनिटं आधी उगवतात, म्हणजे उगम ताऱ्यांमध्ये, धनू राशीच्या बाजूला, जिथे आपल्या आकाशगंगेचं केंद्र आहे. ही चार मिनिटं तुम्ही घरी मोजू शकता, अंगणात एका जागी बसून एखादा तारा शेजाऱ्याच्या भिंतीआड कधी जातो ते लागोपाठ दोन रात्री घड्याळ लावून बघा.

दुसरी गोष्ट समजली पाहिजे ती म्हणजे एवढ्या अँटेना कशाला. 21 सेंटिमीटरची लहर अन् 45 मीटरची एकच तबकडी असेल तर साधारण अर्ध्या चंद्राएवढा आभाळाचा तुकडा एक ठिपका म्हणून दिसतो, त्यात बारीक काय कळणार? पण 25 किलोमीटर अंतरावरच्या अँटेनांचे सिग्नल जोडले की काही बाबतीत 25 किलोमीटरची एकच दुर्बीण असल्यासारखं बारीक दिसतं. बारावीत तुम्ही व्यतिकरण (दोन लहरी एकमेकींत मिसळणं) शिकता, यंगचा प्रयोग, दोन मार्कांसाठी पाठ करता, तेच हे. ज्या पुस्तकात हा संबंध लावून दिलाय ते विकत घ्या.

दीर्घिका शेवटी यासाठी की वरचं दोन्ही आल्याशिवाय ती पुस्तकं नुसती थक्क करतात, कळत काही नाही. 1920 पर्यंत देवयानी (अँड्रोमेडा) आपल्या आकाशगंगेच्या आत की बाहेर यावर मोठे मोठे लोक भांडत होते. हेन्रिएटा लेविटने 1912 मध्ये सेफीड ताऱ्यांच्या (यांचं तेज ठरावीक काळाने कमी-जास्त होतं) मिणमिणण्याचा काळ अन् तेज यांचा संबंध दाखवून दिला होता, तो वापरून हबलने देवयानीचं अंतर काढलं, साधारण 9 लाख प्रकाशवर्षं. आज आपण 25 लाख म्हणतो, कारण 1952 मध्ये बाडेने दाखवलं की सेफीड दोन प्रकारचे असतात, अन् नंतरही सुधारणा होत गेल्या. पुढे दीर्घिकेच्या फिरण्याचा वेग मोजायला हायड्रोजनची तीच 21 सेंटिमीटरची लहर कामाला येते, ताऱ्यांचा उजेड संपतो त्याच्याही बाहेर, अन् तिथे वेग कमी व्हायच्या ऐवजी तसाच राहतो, म्हणून डार्क मॅटर, म्हणजे न दिसणारं वस्तुमान. म्हणजे केप्लरपासून निघालेली गाडी इथे येते, मधली स्टेशनं गाळली तर डार्क मॅटर म्हणजे भुताची गोष्ट वाटते.

देवयानी डोळ्यांनी दिसते बरं का. नोव्हेंबरात रात्री नऊच्या सुमारास डोक्यावरून जरा उत्तरेला, शर्मिष्ठेच्या वर, पुसट डाग. हरभऱ्याला पाणी द्यायला रात्रीची लाईन असली की वावरात बसल्या बसल्या बघा, बॅटरी बंद करून डोळे अंधाराला सरावू द्या फक्त.

भाषेचं म्हणाल तर सुरुवात मराठीतूनच करा, डॉ. जयंत नारळीकरांचं 'आकाशाशी जडले नाते' मी सगळ्यांना पहिलं देतो. पण रेडिओवर मराठीत फार थोडं आहे, तिथे इंग्रजी लागणारच. एकदम जाडं पुस्तक घेऊ नका, एनसीईआरटीचं अकरावीचं गुरुत्वाकर्षण अन् बारावीचं वेव्ह ऑप्टिक्स इंग्रजीतून वाचून काढा, पीडीएफ फुकट आहे, त्यातले शब्द बसले की निम्मी अडचण संपते. जीएमआरटीच्या लोकांच्या लेक्चर नोट्स पण एनसीआरएच्या (जीएमआरटी चालवणारी पुण्यातली संस्था) साईटवर मोफत आहेत, पण त्या एम.एस्सी.च्या लेव्हलच्या, बारावीत उघडून घाबरू नका.

करिअर म्हणून जायचं असेल तर बी.एस्सी. फिजिक्सला गणित सोडू नका अन् कोडिंग, पायथन, आतापासून शिका, कारण दुर्बिणीला डोळा लावून बसायचं काम आता कोणी करत नाही, सगळा डेटा आहे. पुढे एम.एस्सी.-पीएच.डी.साठी जॅम, जेस्ट, नेट या परीक्षा. पुण्यात आयुका (खगोलशास्त्राची संशोधन संस्था) अन् एनसीआरए दोन्ही पीएच.डी. करून घेतात, अन् कॉलेजच्या पोरांसाठी रेडिओ खगोलशास्त्राची हिवाळी शाळा अन् उन्हाळी प्रोजेक्ट निघतात त्यांच्या जाहिरातींवर लक्ष ठेवा, इकडे कॉलेजात कोणी सांगायला येत नाही. फिजिक्सच पाहिजे असंही नाही, अँटेना फिरवायला, रिसिव्हर बनवायला इलेक्ट्रॉनिक्स अन् मेकॅनिकलवाले लागतातच.

अन् खोडद एकदा बघून या, 28 फेब्रुवारीच्या विज्ञान दिनाला लोकांसाठी उघडं ठेवतात, तारखा आधी साईटवर बघा. त्यासाठी पुण्यापर्यंत जायची गरज नाही, रात्रीच्या गाडीने नगरला उतरायचं अन् आळेफाट्यावरून नारायणगाव.