मेळ न बसणारी वही

बेळगावच्या शहापुरात सुताच्या एका पेढीवर मी 26 वर्षं रोजमेळ, म्हणजे रोजच्या जमाखर्चाची वही, लिहिला. डावीकडे जमा, उजवीकडे नावे, म्हणजे गेलेले पैसे. संध्याकाळी गल्ल्यातली रोकड मोजायची, वहीतल्या शिल्लकेशी जुळली की मगच घरी. आठ आण्यांच्या फरकासाठी दिवेलागणीनंतर तासभर बसलेली मी बाई आहे आणि त्या कामाचा मला अभिमान आहे. पण काम सुटल्यावर स्वतःसाठी वही उघडली, तर हात चालेना. चार महिन्यांत तीन पानं लिहिली, तिन्ही फाडली. अक्षर वाकडं आलं होतं, एवढंच कारण.

आता रोज लिहिते, चितारते, चिकटवते. ही वही कशी धरायची ते सांगते. तुमचाही हात अडला असेल तर उपयोग होईल.

वही महागाची आणू नका. महागाच्या वहीत पहिला शब्द लिहायलाच भीती वाटते. कागद गुळगुळीत नको, थोडा खरखरीत, पाणी पिणारा हवा. माझ्याकडे लाल कापडी बांधणीची, न वापरलेली जुनी खतावणी होती. तिची पानं पातळ, म्हणून दोन-दोन पानं गव्हाच्या पिठाच्या खळीनं चिकटवून घेतली. खळ नीट वाळू द्या. आपल्याकडे जुलैत भिंतीला ओल येते, अर्धवट वाळलेल्या पानाला आठ दिवसांत बुरशी धरते. मी पानं तव्याच्या उबेवर धरते, मग रद्दी पेपरात दाबून ठेवते.

पहिलं पान मुद्दाम नासवा. चहाच्या कपाचं बूड टेकवा, तांबडी माती पाण्यात कालवून बोटानं फासा. कोरं पान गेलं की त्याचा धाकही जातो.

दुसरा नियम पेढीतलाच. हिशेबाच्या वहीत पान फाडायचं नसतं, आकडा खरवडायचाही नसतो. चुकलेल्या आकड्यावर एकच आडवी रेघ मारायची, खालचं वाचता आलं पाहिजे, आणि शेजारी सही. 26 वर्षं मी हे करत होते, पण स्वतःच्या शब्दांना ही सवलत द्यायचं सुचलं नव्हतं. तुम्ही द्या. चुकलं की एक रेघ, सही, तारीख, आणि पुढे. महिन्याभरानं मागे वळून त्या रेघांखालचं वाचा. ‘आईची आठवण’ लिहायला गेले होते, हातून ‘आईची साठवण’ आलं, त्यावर मी रेघ मारली होती. त्या चुकीवर पुढे दोन पानं लिहिली, आईच्या मडक्यांवर आणि तिनं बांधून ठेवलेल्या बियाण्यांच्या पुरचुंड्यांवर.

वेळ कशी मोजायची? मी घड्याळ लावत नाही. कुकर चढवते आणि तिसरी शिट्टी होईपर्यंत लिहिते. शिट्टी झाली की वाक्य अर्ध्यात सोडायचं. दुसऱ्या दिवशी तिथूनच धरता येतं, सुरुवात शोधत बसावं लागत नाही.

आता माझा सगळ्यात आवडता खेळ, हळदीचा. चमचाभर हळद अर्धी वाटी पाण्यात कालवा, पानभर फासा, वाळू द्या. पान पिवळंधमक होतं. मग विड्याच्या चुन्याचा हरभऱ्याएवढा खडा थोड्या पाण्यात विरघळवा, काडी बुडवून त्या पिवळ्यावर लिहा. रेघ तांबडी उमटते. हळदीचं कुंकू करतात ते याच गुणावर. चुना नसेल तर खायचा सोडा चालतो, रंग जरा फिका येतो. चुन्यात बोट घालू नका, कातडी भाजते. डोळ्यांपासून तर लांबच ठेवा. जास्वंदीची पाकळी कागदावर चोळली की जांभळट डाग पडतो. त्यावर लिंबाचा थेंब टाकला की गुलाबी, सोड्याचं पाणी टाकलं की हिरवट. इथे रेघ हवी तिथे थांबत नाही, पाणी जिकडे ओढतं तिकडे जाते. मला बदक काढायचं होतं, पसरून गोकाकच्या धबधब्यासारखं काहीतरी झालं. मी त्याच्याखाली तसंच लिहिलं, आणि लहानपणी तिथे गेलो होतो तेव्हाचा पाण्याचा आवाज कित्येक वर्षांनी आठवला. बदक नीट आलं असतं तर तो आठवला नसता.

दुसरा मोठा खेळ शब्दांचा, तो आपल्या भागातल्या माणसाला फार सोपा. माझं शिक्षण मराठीत झालं, कन्नड कानानं आलं, अक्षरं बसच्या पाट्यांवरून लावली. अजून चुकतात. शेजारच्या आक्का दारातून ओरडतात, ‘मळे बरतैती!’ म्हणजे पाऊस येतोय, कपडे काढा. माझ्या मराठी कानाला आधी मळे दिसतात, वडगावच्या बाजूचे, भाताचे, हिरवेगार. मग पाऊस. एका पानावर दोन्ही लिहिलं: मळ्यांवर मळे आली. तिथून नादच लागला. कन्नडमध्ये बाळे म्हणजे केळ, आपल्याकडे पाळण्यातली. हालु म्हणजे दूध, आपल्याकडे हाल. ऊरु म्हणजे गाव, आणि मराठीत ऊर म्हणजे छाती. ‘ऊर भरून आला’ हे वाक्य मी दोन्ही अर्थांनी लिहिलं. जत्रेला अख्खं गाव भरून आलेलं त्यात दिसलं. तुम्ही असे पाच शब्द काढा आणि प्रत्येकाचं एक वाक्य करा. व्याकरणाला त्या दिवशी सुट्टी. गावाचं नावही असंच लिहून बघा: वेणुग्राम, बेळगाव, 1 नोव्हेंबर 2014 पासून सरकारी कागदावर बेळगावी. प्रत्येक नावानं आधी कुठली गल्ली डोळ्यांसमोर येते ते खाली टिपा.

आक्कांना मी एकदा माझी कन्नड अक्षरं दाखवली. फार संकोच वाटत होता. त्यांनी पान हातात घेतलं, बोट फिरवलं आणि म्हणाल्या, ‘तप्पाद्र आगली बिडरी.’ चुकलं तर चुकू द्या. ते वाक्य मी पुठ्ठ्याच्या आत लिहून ठेवलंय, तेही अशुद्ध असेल, तसंच ठेवलंय.

ज्या दिवशी काही सुचत नाही, त्या दिवशी रोजमेळ मांडा. जमा: अळूची तीन पानं, सकाळचं धुकं, नातीचा फोन. नावे: गुडघ्याचं दुखणं, हरवलेलं बटण, एक राग. खाली बेरीज मारायची नाही. शिल्लक म्हणून त्यातला एकच शब्द उचलायचा. परवा माझी शिल्लक ‘बटण’ होती, त्यावर अर्धं पान झालं.

बस स्टँडवर थांबावं लागलं तर समोरचं माणूस बघत चितारा, कागदाकडे मात्र बघू नका. नाक कानाशी जातं, पण बसण्याची ढब हुबेहूब येते.

एक सांगायचं राहिलं. हळदीचा रंग उन्हात उडतो. टिकवायचा असेल तर वही मिटून ठेवा. मी एक पान मुद्दाम खिडकीच्या काचेला आतून चिकटवलंय, अर्ध्यावर पुठ्ठा झाकून. झाकलेल्या बाजूला काय राहतं आणि उघड्या बाजूला काय उरतं, ते दिवाळीला काढून बघणार आहे.