झटका मशीन चालू आहे, पण तारेला झटका नाही? दोष असा शोधा

शेताच्या कुंपणाच्या तारेत झटका सोडणारं मशीन टक-टक वाजतंय, दिवा लुकलुकतोय, तरीही रात्री रानडुकरं मक्यात घुसून गेली. अशा वेळी लोक आधी मशीन उचलून दुरुस्तीला नेतात. थोडं थांबा. मशीन बहुधा ठणठणीत असतं आणि दोष अर्थिंगला, गवताला नाहीतर गेटखालच्या केबलला असतो.

टेस्टर कुंपणाचाच हवा, पाच दिव्यांचा किंवा डिजिटल. मल्टीमीटर फक्त बॅटरीसाठी आहे. झटक्याच्या तारेला लावलात तर तो जळेल. तारेला हात लावायच्या आधी दर वेळी मशीन बंद करा.

सुरुवात मशीनपासून करा. कुंपणाची तार काढून ठेवा आणि आउटपुट व अर्थ या दोन टर्मिनलमध्ये मोजा. 6 ते 10 किलोव्होल्ट (म्हणजे 6 ते 10 हजार व्होल्ट) आले तर मशीन चांगलं आहे. टक-टकच येत नसेल तर फ्यूज आणि बॅटरी बघा. सोलर पॅनलची जोडणी काढून मोजल्यावर 12 व्होल्टची भरलेली बॅटरी 12.6 च्या आसपास दाखवते. 12 च्या खाली गेली की ती जवळजवळ रिकामी समजा. टर्मिनलवर पांढरी-हिरवी बुरशी साचली असेल तर गरम पाण्यात खाण्याचा सोडा घालून धुवा, कोरडं करा आणि व्हॅसलीन लावा. पॅनलवरची धूळही पुसा.

आता अर्थिंग. सगळ्यात जास्त हेळसांड याचीच होते. झटका तारेतून जनावरात, जनावरातून जमिनीत आणि जमिनीतून अर्थिंगच्या सळईवाटे मशीनकडे परत यायला हवा. ही वाट तुटली तर तारेत कितीही व्होल्टेज असो, डुकराला काही जाणवत नाही. 6 फुटी तीन जीआय (जस्ताचा मुलामा दिलेल्या लोखंडी) सळया, एकमेकींपासून 10 फुटांवर, पूर्ण ठोकलेल्या हव्यात. घरच्या विजेच्या अर्थिंगपासून त्या निदान 10 मीटर दूर ठेवा.

तपासायची रीत अशी: मशीन बंद करून 100 मीटरवर तारेला दोन-तीन लोखंडी सळया टेकवा आणि त्या जमिनीत रोवा. मशीन चालू करा, तारेचं व्होल्टेज 2 किलोव्होल्टच्या खाली येईल. येत नसेल तर आणखी सळया टेकवा. मग शेवटची अर्थिंग सळई आणि तिच्यापासून मीटरभर अंतरावर रोवलेला खिळा यांच्यात मोजा. 0.3 किलोव्होल्टपेक्षा जास्त आलं तर अर्थिंग अपुरं आहे, आणखी एक सळई वाढवा. मीठ टाकून तात्पुरतं भागतं, पण ते सळई खाऊन टाकतं. सळईला तांब्याची तार गुंडाळू नका, सांधा गंजतो. एप्रिल-मेमध्ये माती कोरडी पडली की चांगलं अर्थिंगही दगा देतं. अशा कोरड्या जमिनीत एक आड एक तार अर्थला जोडा; जनावर दोन्ही तारांना एकदम टेकलं की झटका बसतो.

अर्थिंग बरोबर असेल तर दोष तारेत आहे. कुंपण मधोमध तोडून मोजा. व्होल्टेज वर आलं तर दोष पुढच्या भागात, नाहीतर मागच्या. मग त्या भागाचेही दोन भाग करा. 1 किलोमीटरची लाइन पाच वेळा अशी अर्धी केली की उरतात जेमतेम 30 मीटर.

तेवढ्या पट्ट्यात रात्री, दव पडल्यावर चालत जा. चिरलेल्या इन्सुलेटरवर (तार खांबाला टेकू न देणाऱ्या तुकड्यावर) टक-टक ऐकू येतं आणि अंधारात बारीक निळी ठिणगी उडताना दिसते. दिवसा ती चीर केसाएवढी असते, सहज नजरेतून सुटते. जुना ट्रान्झिस्टर मीडियम वेव्हला लावून तारेच्या कडेने फिरा. दोषाजवळ खरखर वाढते. पावसाळ्यात जमिनीपासून 8-10 इंचांवरच्या खालच्या तारेला ओलं गवत टेकतं आणि सगळा झटका गिळतं. त्या तारेला वेगळा स्विच ठेवा, म्हणजे गवत काढेपर्यंत वरच्या तारा चालू राहतील. हाताने पिळलेले गंजके सांधे तोडून क्लॅम्प लावा.

गेटखालची केबल मात्र नीट बघा. घरातल्या वायरिंगची वायर 1100 व्होल्टची असते. तिच्यातून 8 किलोव्होल्ट सोडले की ओल्या मातीत आवरण फुटतं आणि वरून काहीच दिसत नाही. दोन्ही टोकं सोडवून कुंपण मोजा. व्होल्टेज चढलं तर केबल बदला. कुंपणासाठीची दुहेरी आवरणाची केबल घ्या, एचडीपीई (टणक प्लास्टिकच्या) पाइपमधून न्या आणि पाइपची तोंडं खाली वळवा, म्हणजे आत पाणी शिरणार नाही.

एक गोष्ट कळकळीने सांगायची आहे: मशीन बिघडलं म्हणून एका रात्रीपुरतासुद्धा घरचा 230 व्होल्टचा करंट तारेत सोडू नका. मशीनचा झटका सेकंदातून साधारण एकदा, क्षणभरच येतो, म्हणून जनावर मागे सरतं. घरचा करंट अखंड असतो, चिकटलेला माणूस सुटत नाही. पहाटे पाणी धरायला गेलेली माणसं अशा तारेवर जीव गमावतात, आणि हा गुन्हाही आहे. काटेरी तारेतही झटका सोडू नका, त्यात अंग अडकतं.

दुरुस्ती झाली की मशीनजवळ, मध्यावर आणि शेवटच्या टोकाला मोजा. टोकाला निदान 4 किलोव्होल्ट हवेत. तिन्ही आकडे तारखेसह मशीनच्या पेटीच्या आत लिहून ठेवा.